परदेशी पार्सलचा खर्च ठरल्यापेक्षा जास्त का येतो? आधी मोजायची टेप काढा

उन्हाळी वाळवणं उरकली की जळगावात आमच्या बुकिंग काउंटरवर खोकी यायला लागतात. उडदाचे पापड, ज्वारीचे बिबडे, कुरडया, शेवया, काळा मसाला. कुणाचा मुलगा म्युनिकला, कुणाची लेक टेक्सासला. दिवाळीच्या आधी हीच गर्दी फराळाच्या डब्यांसह परत होते. अलीकडे त्यात छोटे विक्रेतेही आलेत: यावल-रावेरकडचे केळीचे वेफर्स करणारे गट, जळगावचे चटईवाले, नंदुरबारची मिरची पावडर विकणारे. माल वेगळा, गाव वेगळं, पण तक्रार एकच असते: "सांगितलं एक आणि लागलं भलतंच."

हा बिघाड मी इतक्यांदा निस्तरलाय की आता माणसाच्या पहिल्या वाक्यावरून कळतं, चूक कुठे असणार. खाली तपासण्या त्याच क्रमाने दिल्यात. ज्यांना पैसा लागत नाही त्या आधी.

आधी लक्षणं

- बुकिंगला एक रक्कम भरली, दोन-चार दिवसांनी कुरिअर कंपनीचं "वजन फरक" म्हणून वाढीव बिल आलं.
- पार्सल तिकडे पोचलं, पण घेणाऱ्याला "आधी कर भरा" असा निरोप आला. त्याने नकार दिला आणि खोकं गोदामात पडून राहिलं.
- तोच माल, तोच देश, पण मागच्या वेळी काहीच लागलं नव्हतं आणि या वेळी लागलं.
- "सगळं धरून" असा भाव ठरला होता, तरी दारात पैसे मागितले.
- ट्रॅकिंगवर दिवसेंदिवस "क्लिअरन्स डिले" दिसतंय, पुढे काही हलत नाही.

पहिलं लक्षण वजनाचं. दुसरं आणि चौथं, कर कोण भरणार हे न ठरल्याचं. तिसरं बहुधा नियम किंवा दर बदलल्याचं. पाचवं जवळजवळ नेहमी कागदाचं.

एक सहावंही आहे, ते खरं तर लक्षण नाही, फसवणूक आहे. अनोळखी नंबरवरून मेसेज येतो: पार्सल कस्टममध्ये अडकलंय, या लिंकवर एवढे पैसे भरा. लिंक उघडू नका. पावतीवरचा ट्रॅकिंग नंबर कंपनीच्या स्वतःच्या ॲपमध्ये टाका. तिथे मागणी दिसत नसेल तर ती खोटी.

मूळ दुखणं

आपल्याकडे केळीचा भाव क्विंटलवर, कापसाचा क्विंटलवर, म्हणून काउंटरवर पहिला प्रश्न येतो, "अमेरिकेला किलोला काय पडतं?" परदेशी पार्सलला असा एक भाव नसतो. तीन वेगळ्या लोकांची तीन बिलं असतात. पहिलं कुरिअरचं भाडं. दुसरं तिकडच्या सरकारचं: कस्टम ड्युटी, आणि त्यावर त्या देशाचा व्हॅट किंवा जीएसटी असेल तर तो. तिसरं पुन्हा कुरिअरचंच, तो कर तुमच्या वतीने आगाऊ भरल्याची आणि क्लिअरन्सची फी. किलोच्या भावात पहिलंच बिल असतं, तेही अर्धवट. पापड-वेफर्सवर भारतातून निघताना निर्यात शुल्क नाही, त्यामुळे लोकांना वाटतं कर हा विषयच नाही. तो विषय तिकडे उतरल्यावर सुरू होतो.

तपासणी १: टेप आणि काटा

खर्च शून्य, आणि निम्म्याहून अधिक भांडणं इथेच मिटतात. विमानाने जाणाऱ्या पार्सलचं भाडं खऱ्या वजनावर किंवा आकारमानाच्या वजनावर, दोन्हींत जे जास्त असेल त्यावर लागतं. लांबी, रुंदी, उंची सेंटिमीटरमध्ये मोजा, गुणा आणि ५००० ने भागा. मोठ्या एक्सप्रेस कंपन्यांचा भाजक हाच. साध्या एअर कार्गोत तो ६००० असतो. आलेला आकडा पुढच्या अर्ध्या किलोवर नेतात.

कुरडयांचं खोकं घ्या. ४५ × ३५ × ३० चं. काट्यावर ५.८ किलो. गुणाकार ४७,२५०, भागिले ५०००, म्हणजे ९.४५. बिल लागणार साडेनऊ किलोचं. आता तेच खोकं ठासून भरल्यामुळे चारी बाजूंनी फुगलं आणि ४७ × ३७ × ३३ झालं, तर ११.४८ येतं, म्हणजे साडेअकरा. माल एक तोळाही वाढला नाही, पण दोन किलोचं भाडं वाढलं. कंपनीच्या हबवर मशीन फुगवट्यासकट मोजतं, तुमच्या खोक्यावर छापलेलं माप ते वाचत नाही. म्हणून पॅकिंग पूर्ण झाल्यावर, पट्टी मारून झाल्यावर, सगळ्यात बाहेर आलेल्या जागी मोजायची टेप लावा आणि फोटो काढून ठेवा. वजन फरकाचं बिल आलं तर वाद घालायला तोच फोटो कामाला येतो. नसेल तर कंपनीचा आकडा खरा धरला जातो.

उपाय: कुरडया आणि हवा भरलेल्या वेफर्सच्या पिशव्या कमी, पापड-बिबडे-मसाला जास्त. मावशींना हे पटत नाही, नातवाला कुरडई आवडते म्हणतात. आवडत असेल तर पाठवा, फक्त भाडं हवेचं चाललंय हे माहीत असू द्या.

तपासणी २: कोटेशन ओळीओळीने वाचा

"एवढे रुपये किलो" हे कोटेशन नव्हे. लिहून मागा: मूळ भाडं, इंधन अधिभार, दूरच्या भागाचा अधिभार, विमा, जीएसटी. इंधन अधिभार टक्क्यात असतो आणि तो बदलत राहतो, म्हणून मागच्या महिन्याचं कोटेशन या महिन्याला लावू नका. जीएसटी १८ टक्के, तो भाड्यावर आणि अधिभारांवर मिळून.

दूरच्या भागाचा अधिभार आपल्याकडच्या लोकांना जास्त चावतो, कारण तो दोन्ही टोकांना लागू शकतो. धडगाव, अक्कलकुव्याचा पिन कोड पिकअपसाठी "रिमोट" निघाला तर माल स्वतः धुळ्याला किंवा जळगावला आणून देणं स्वस्त पडतं. पलीकडच्या टोकाला मुलगा टेक्सासमधल्या कुठल्या तरी आडगावी राहत असेल, तर तिथलाही पोस्टल कोड आधी टाकून पाहा. कोड माहीत नसताना दिलेला भाव मी तर भाव मानतच नाही.

इथेच हेही विचारा की माल कुठल्या मार्गाने जाणार. आमच्यासारखे काउंटर बऱ्याचदा मुंबईच्या एखाद्या मोठ्या एजंटकडे माल देतात. तो थेट नामांकित कंपनीने पाठवतो किंवा "सेल्फ"ने, म्हणजे अनेकांचा माल एकत्र बांधून, तिकडे उतरवून, मग स्थानिक डिलिव्हरीवाल्याच्या हाती देऊन. सेल्फ स्वस्त असतं आणि वाईटच असतं असं नाही. पण मध्ये ट्रॅकिंग नंबर बदलतो, आणि माल अडकला तर कुणाला फोन करायचा हे धूसर होतं. पाच किलो पापडाला चालेल. ग्राहकाच्या ऑर्डरला मी सुचवत नाही.

तपासणी ३: कर कोण भरणार?

एकच प्रश्न, पण तो बुकिंगच्या आधी. व्यापाराच्या भाषेत डीडीपी म्हणजे तिकडची ड्युटी-कर पाठवणाऱ्याकडून. डीएपी म्हणजे माल दारापर्यंत पाठवणाऱ्याचा, कर घेणाऱ्याचा. काउंटरवर यालाच "ड्युटी पेड" आणि "अनपेड" म्हणतात. पावतीवर काही लिहिलं नसेल तर बहुतेक वेळा अनपेड धरलं जातं. "डोअर टू डोअर" या शब्दांत कर येत नाही, त्यात फक्त दार येतं.

घेणाऱ्याने नकार दिला तर गोदाम भाडं चढतं, आणि शेवटी माल परत येतो किंवा नष्ट होतो. परतीचं भाडं पाठवणाऱ्याच्या माथी येतं, आणि ते तिकडच्या दराने असल्यामुळे जाण्याच्या भाड्यापेक्षा जास्तही भरतं. विक्रेत्यांना माझं म्हणणं असं: पहिल्या काही ऑर्डरी तरी डीडीपीने पाठवा आणि कर किमतीत धरा. डब्बा पाठवणाऱ्या घरच्यांनी मुलाला आधीच फोन करून सांगावं, "पैसे मागतील, भर."

तपासणी ४: इनव्हॉइस आणि बंदीची यादी

क्लिअरन्स अडकण्याचं मुख्य कारण. "फूड आयटम्स, १ बॉक्स" असं लिहिलेलं इनव्हॉइस म्हणजे तिकडच्या अधिकाऱ्याला खोकं उघडायचं आमंत्रण. प्रत्येक वस्तू वेगळी लिहा: उडदाचे पापड, २ किलो, किंमत एवढी, भाजलेली मिरची पावडर, ५०० ग्रॅम, किंमत एवढी. चलन, भेट की विक्री, आणि घेणाऱ्याचा चालू फोन नंबर.

किंमत खरी लिहा. दोन हजारांचा माल दोनशेचा दाखवणं इकडे फार चालतं, आणि एजंटच कधी कधी सुचवतात. पण कस्टमला पटलं नाही तर ते स्वतः किंमत ठरवतात आणि दंडही लावू शकतात. माल हरवला तर भरपाई मात्र तुम्ही लिहिलेल्या दोनशेचीच मिळते. "गिफ्ट" लिहिण्याचंही तेच. भेट म्हणजे एका माणसाने दुसऱ्या माणसाला विनामोबदला पाठवलेली वस्तू. विकलेला माल गिफ्ट म्हणून पाठवणं हे खोटं निवेदन ठरतं.

मग बंदी. युरोपीय संघात खाजगी पार्सलने दूध आणि मांसाचे पदार्थ जात नाहीत, म्हणून जर्मनीला पेढे, खव्याची मिठाई, तूप नको. संयुक्त अरब अमिरातीत खसखस अमली पदार्थांच्या कायद्यात येते. हे थट्टेवारी नेऊ नका. आपल्या बऱ्याच घरी काळ्या मसाल्यात खसखस पडते, तेव्हा दुबईला मसाला पाठवायचा तर तिच्याशिवाय कुटलेला पाठवा. ऑस्ट्रेलियात जैवसुरक्षा तपासणी कडक आहे. तिकडे बियाणं, दुधाचे पदार्थ, नाव-घटक न लिहिलेल्या पुड्या टाळा.

अमेरिकेसाठी एक बारकावा. खाद्यपदार्थ पोचण्याआधी तिथल्या एफडीएकडे, म्हणजे अन्न-औषध खात्याकडे, "प्रायर नोटिस" (पूर्वसूचना) द्यावी लागते. ज्याने स्वतःच्या घरी पदार्थ केला त्यानेच तो वैयक्तिक भेट म्हणून पाठवला तर ती लागत नाही. म्हणजे आईने लाटलेले पापड सुटतात, पण त्याच खोक्यात दुकानातून आणलेलं वेफर्सचं पाकीट टाकलं की त्यासाठी नोटिस लागते. कुरिअर ती भरून देतात, काही जण वेगळे पैसे घेतात. तपासणी २ मध्ये ती ओळही मागा.

तपासणी ५: त्या देशाची सूट आज किती आहे?

"मागच्या वेळी तर लागलं नव्हतं" याचं उत्तर बहुधा इथे असतं. अमेरिकेत ८०० डॉलरपर्यंतचा माल ड्युटीशिवाय जायचा. ती सवलत २९ ऑगस्ट २०२५ पासून सगळ्या देशांसाठी बंद झाली. माणसाने माणसाला पाठवलेल्या १०० डॉलरपर्यंतच्या खऱ्या भेटीची सूट तेव्हा ठेवली होती. त्याच ऑगस्टमध्ये भारतीय मालावरचा जादा कर आधी २५ आणि मग ५० टक्के झाला, आणि त्यानंतरही त्यात बदल होत राहिले. टपाल खात्यानेही अमेरिकेची पार्सलं थांबवली होती, ती १५ ऑक्टोबर २०२५ पासून पुन्हा सुरू केली. म्हणून अमेरिकेचा दर कुणाच्या तोंडून ऐकलेला वापरू नका, अगदी माझ्यासुद्धा. बुकिंगच्या दिवशी बघा.

बाकी ठिकाणी नेहमी लागणारे आकडे: ब्रिटनमध्ये भेट ३९ पौंडांपर्यंत ड्युटी आणि व्हॅटमधून मोकळी, विकलेल्या मालाला १३५ पौंडांपर्यंत ड्युटी नाही, पण व्हॅट आहे. युरोपीय संघात भेट ४५ युरोपर्यंत मोकळी. विकलेल्या मालाला मात्र १ जुलै २०२१ पासून पहिल्या युरोपासून व्हॅट. जर्मनीत तो सर्वसाधारण १९ टक्के, बहुतेक खाद्यपदार्थांना ७. कॅनडात भेटीची मर्यादा ६० कॅनेडियन डॉलर, विकत पाठवलेल्या मालाची फक्त २०. ऑस्ट्रेलिया सगळ्यात सैल: १००० ऑस्ट्रेलियन डॉलरपर्यंत सीमेवर ड्युटी-कर घेत नाहीत.

घरचा डब्बा पाठवणाऱ्यांनी इथे थांबलं तरी चालेल. पुढचं विक्रेत्यांसाठी.

तपासणी ६: एचएसएन कोड आणि हिशेबाचा पाया

इथे वेळ लागतो, आणि डोकंही. एचएसएन म्हणजे मालाच्या वर्गीकरणाचा कोड, ड्युटीचा दर त्यावरून ठरतो. त्याचे पहिले सहा आकडे जगभर सारखे, पुढचे प्रत्येक देशाचे आपापले. भारतात एकूण आठ, अमेरिकेत दहा. म्हणून तुमच्या जीएसटी बिलावरचा आठ आकडी कोड अमेरिकेच्या तक्त्यात शोधलात तर सापडणार नाही. सहा घ्या आणि तिथून पुढे त्या देशाचं वर्णन वाचत उतरा.

कोड वस्तूवर नाही, वस्तूच्या घडणीवर ठरतो. वाळवलेली केळी ०८०३ खाली येतात, तळलेले वेफर्स सहसा २००८ खाली, पापड १९०५ खाली. सगळ्यांना एकच "केळी" किंवा "नमकीन" लिहून चालत नाही, कारण प्रत्येकाचा दर निराळा. चटईचं तर विचारूच नका. प्लास्टिक की धागा, विणलेली की साच्यातली, यावर तक्त्यातलं प्रकरणच बदलतं. दर बघायला सरकारी तक्ते फुकट आहेत: अमेरिकेचं हार्मोनाइज्ड टॅरिफ शेड्यूल, ब्रिटनचं ट्रेड टॅरिफ, युरोपीय संघाचं ॲक्सेस टू मार्केट्स. खाजगी कॅल्क्युलेटर झटपट उत्तर देतात, पण ते कुठल्या तारखेचे दर धरतात हे सांगत नाहीत.

दर मिळाला की बहुतेक जण मालाच्या किमतीला त्याने गुणतात आणि मोकळे होतात. चुकतं ते इथे. ब्रिटन, युरोपीय संघ, आखाती देश ड्युटी लावतात ती माल अधिक भाडं अधिक विमा यांच्या बेरजेवर. अमेरिका लावते ती फक्त मालाच्या किमतीवर, आंतरराष्ट्रीय भाडं वगळून. आणि व्हॅट लागतो तो ड्युटी मिळवल्यानंतरच्या रकमेवर.

समजा ब्रिटनला १६० पौंडांचा माल, भाडं-विमा ६० पौंड, ड्युटी ८ टक्के धरू. पाया २२० पौंड. ड्युटी १७.६०. व्हॅट २० टक्के, पण २३७.६० वर, म्हणजे ४७.५२. एकूण ६५.१२ पौंड. नुसत्या १६० वर २० टक्के धरणाऱ्याच्या वहीत ३२ असतात, आणि तो म्हणतो कुरिअरने लुटलं. हाच माल त्याच ८ टक्क्यांनी अमेरिकेला गेला तर ड्युटी १२.८० पौंडांइतकी, आणि तिथे केंद्रीय व्हॅट नाही. जादा कर लागू असतील तर ते वेगळे. वर कुरिअरची आगाऊ भरणा फी. ती टक्क्यात असते आणि तिला किमान रक्कमही असते, म्हणून लहान पार्सलला ती कधी कधी करापेक्षा मोठी निघते. दहा पौंडांच्या करासाठी बारा पौंड फी पाहून ग्राहक चिडतो ते काही चूक नाही.

तपासणी ७: भारतीय मूळ असल्याची सवलत

अमिरातींशी भारताचा व्यापार करार १ मे २०२२ पासून आणि ऑस्ट्रेलियाशी २९ डिसेंबर २०२२ पासून लागू आहे. अनेक वस्तूंना त्यात ड्युटी कमी किंवा शून्य. पण सवलत आपोआप मिळत नाही. डीजीएफटीच्या (परकीय व्यापार महासंचालनालयाच्या) पोर्टलवरून त्या कराराचं उत्पत्ती प्रमाणपत्र, म्हणजे माल भारतातच तयार झाल्याचा दाखला, काढून मालासोबत लावावं लागतं. दोन किलोच्या नमुन्याला हा व्याप कुणी करू नये. दर महिन्याला पेट्या जात असतील तर नक्की करावा.

इथे थांबा, कस्टम ब्रोकर गाठा

आपल्याकडे त्याला अजून सीएचए (कस्टम हाउस एजंट) म्हणतात. खालीलपैकी काही असेल तर माझ्यासारख्या काउंटरवाल्याच्या भरवशावर राहू नका.

सोनं-चांदी. जळगावच्या सराफ्यातून घेतलेलं मंगळसूत्र लेकीला पाठवायचंय, असं दर लग्नसराईत कुणीतरी विचारतं. साध्या पार्सलात, पापडाच्या डब्यात लपवून तर मुळीच नाही. येणाऱ्या माणसाच्या हाती द्या, तेही तिकडच्या प्रवासी नियमांची खात्री करून.

ताजी केळी. कंटेनर, शीतसाखळी, वनस्पती संगरोध विभागाचं फायटोसॅनिटरी (कीड-रोग नसल्याचं) प्रमाणपत्र, अपेडा या शेतमाल निर्यात संस्थेची नोंदणी. हे कुरिअरचं काम नाही.

औषधं, रसायनं, सुट्या बॅटऱ्या. नियमित व्यापारी माल, जिथे आयईसी (आयात-निर्यात कोड), बँकेचा एडी कोड (निर्यातीचे पैसे ज्या बँकेत येतात तिचा) आणि जीएसटीचं एलयूटी (कर न भरता निर्यात करण्याचं हमीपत्र) यांची सांगड घालायची असते. कोडबद्दल दोन जाणकार दोन उत्तरं देत असतील तेव्हा. अमेरिका, ब्रिटन, युरोपीय संघ तिन्ही ठिकाणी माल पाठवण्याआधी वर्गीकरणाचा लेखी निर्णय मागता येतो, आणि मोठी ऑर्डर असेल तर तो मागावा. आणि कस्टमची लेखी नोटीस आली किंवा माल जप्त झाला तर त्याच दिवशी. उत्तराला मुदत असते, आणि फोनवरचं उत्तर उत्तर धरत नाहीत.

ब्रोकरकडे जाताना इनव्हॉइस, पॅकिंग लिस्ट, घटकांची यादी, मालाचे फोटो, टेपचे फोटो आणि आलेलं प्रत्येक पत्र घेऊन जा. त्याची फीही ओळीओळीने लिहून घ्या: एजन्सी चार्ज वेगळा, कागदपत्रांचा वेगळा, बंदर-विमानतळाचा वेगळा. "सगळं धरून" म्हणाला तर कर त्यात आहे का, हे त्यालाही विचारा.